नारळ आणि हिशेब



संतवाङ्मय, इतिहास, राज्यकारभार अशा भारदस्त विषयांच्या पंगतीत आजचा विषय थोडा रुक्ष वाटण्याचा संभव आहे. नोकरी सोडताना माणसाच्या पदरात जी रक्कम पडते, तिचा हिशेब कसा करावा, एवढाच तो विषय. यात काव्य नाही, तत्त्वज्ञानही बेताचेच आहे. त्रैराशिक मात्र आहे. परंतु कोणीच पगारावर नाही असे घर शहरात आता क्वचितच आढळेल. आणि जो पगारावर आहे त्याला एक ना एक दिवस नोकरी सोडावयाची आहेच. तेव्हा विषय रुक्ष असला तरी परका नाही.

आपल्या भाषेत 'नारळ देणे' असा एक वाक्प्रचार आहे. नोकर सन्मानाने निवृत्त झाला तर त्याला शाल आणि श्रीफळ देतात. आणि मालकाला तो नकोसा झाला तरी आपण म्हणतो, 'त्याला नारळ दिला'. एकाच फळात गौरवही आहे आणि गच्छंतीही आहे. पण दोन्ही प्रसंगी समारंभ आटोपल्यावर माणूस घरी जातो, पाकीट उघडतो आणि आतील कागदावरचा आकडा वाचतो. तो आकडा कोठून आला, कोणत्या गुणाकाराने आला, हे विचारावे असे त्याच्या मनात सहसा येत नाही. भाजीवाल्याकडे दोन रुपयांची घासाघीस करणारा गृहस्थ पंचवीस वर्षांच्या नोकरीच्या रकमेपुढे मात्र मुकाट्याने सही करतो. 'साहेबांनी दिले, आपण घेतले', असे म्हणतो. ही वृत्ती कोठून आली आणि तिच्यापायी काय गमवावे लागते, ते आज पाहू.

नोकरी सुटताना हाती येणारी रक्कम एकजिनसी नसते. शेवटच्या दिवसांचा पगार, न घेतलेल्या रजेचे नियमाप्रमाणे मिळणारे पैसे, भविष्यनिर्वाह निधी म्हणजे आपला प्रॉव्हिडंट फंड, आणि ग्रॅच्युइटी, असे तिचे निरनिराळे भाग असतात. कामगारकपात झाली असेल तर तिची नुकसानभरपाई वेगळी. यांतील प्रत्येकाचा नियम निराळा आहे आणि एक दिला म्हणून दुसरा फिटत नाही. फंडाचा हिशेब पासबुकात दिसतो, पगाराचा आकडा पाठच असतो. काळोखात राहते ती ग्रॅच्युइटी. म्हणून तिच्याविषयीच मुख्यतः बोलतो. सरकारी नोकरांचे नियम स्वतंत्र आहेत. आज आपण खाजगी कारखाने, दुकाने, बँका, शाळा, रुग्णालये येथील नोकरांचा विचार करीत आहोत.

या रकमेच्या नावानेच आपला पहिला घोटाळा केला आहे. इंग्रजीत या शब्दाला बक्षिसीचा वास आहे. आपल्या राजभाषेने तिला 'उपदान' म्हटले, म्हणजे नावातच 'दान' येऊन बसले. दान देणाऱ्याच्या मर्जीचे असते आणि घेणाऱ्याने ते मोजावयाचे नसते, असा आपला संस्कार आहे. एके काळी वस्तुस्थितीही तशीच होती. इमानी नोकराला मालक निघताना खुशीने काही देई. न दिले तर दाद कोठे मागणार?

ही समजूत मोडण्याचे काम कामगार संघटनांनी आणि न्यायालयांनी हळूहळू केले. प्रॉव्हिडंट फंड देतो, मग ग्रॅच्युइटी वेगळी कशाला, असा मालकपक्षाचा युक्तिवाद असे. १९५९ साली इंडियन ह्यूम पाइप कंपनीच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने तो मानला नाही. धंद्याची ऐपत असेल तर दोन्ही देता येतात, असे ठरविले. पुढे १९६१ मध्ये मुंबईच्या गारमेंट क्लीनिंग वर्क्सच्या प्रकरणात न्यायालय आणखी एक पाऊल पुढे गेले. ही रक्कम मेहेरबानी म्हणून दिलेली देणगी नव्हे, केलेल्या चाकरीतून ती कमावलेली असते, असा त्या निकालाचा आशय आहे. म्हणून गैरवर्तनासाठी नोकराला बडतर्फ केले तरी त्याची सारी मिळकत गिळंकृत करता येणार नाही, फार तर झालेले नुकसान कापून घ्यावे, असे ठरले. माझ्या मते आजच्या विषयाचे सारे मर्म येथे आहे. ग्रॅच्युइटी म्हणजे नोकराचा स्वतःचाच पगार. फक्त तो महिन्याच्या महिन्याला न देता मालकाकडे शेवटपर्यंत राहिलेला.

केरळने १९७० मध्ये आणि पश्चिम बंगालने १९७१ मध्ये यासाठी स्वतःचे कायदे केले. मग देशभर एकच नियम असावा म्हणून संसदेने १९७२ चा उपदान कायदा केला. तो १६ सप्टेंबर १९७२ पासून अमलात आला आणि अर्धशतकाहून अधिक काळ टिकला. २१ नोव्हेंबर २०२५ पासून त्याची जागा सामाजिक सुरक्षा संहिता, २०२० हिने घेतली आहे. कायद्याचे नाव बदलले, परंतु हिशेबाचे सूत्र तेच राहिले. ते असे: नोकरीच्या प्रत्येक पूर्ण वर्षाबद्दल पंधरा दिवसांचे वेतन, आणि तेही नोकरी सोडताना जे अखेरचे वेतन होते त्या दराने. दहा किंवा अधिक माणसे कामावर असलेल्या कारखान्यांना, दुकानांना आणि संस्थांना हे लागू आहे. एकदा लागू झाले की पुढे माणसे दहाच्या खाली गेली तरी जबाबदारी सुटत नाही.

आता आपण एक उदाहरण करू. ज्यांच्याजवळ कागद-पेन्सिल असेल त्यांनी सोबत मांडावे. एका गृहस्थाचा अखेरचा मूळ पगार १८,२०० रुपये आणि महागाई भत्ता ७,८०० रुपये, म्हणजे दोन्ही मिळून २६,००० रुपये. नोकरी २२ वर्षे ७ महिने.

पहिला प्रश्न वर्षांचा. पूर्ण वर्षांच्या वर सहा महिन्यांहून अधिक काळ झाला असेल, तर ते वर्ष पूर्ण धरावयाचे. येथे वर सात महिने आहेत; म्हणून वर्षे २३ झाली.

दुसरा प्रश्न एका दिवसाच्या वेतनाचा. महिना तीस दिवसांचा, म्हणून पगाराला तीसने भागावे, असे आपणांस वाटेल. पण तसे नाही. महिन्यात चार सुट्ट्या सोडल्या तर काम सव्वीस दिवसांचे होते. महिन्याचा पगार हा या सव्वीस दिवसांच्या श्रमाचा मोबदला आहे. म्हणून भागावयाचे ते सव्वीसने. हा वाद जामनगरच्या दिग्विजय वुलन मिल्सच्या प्रकरणात १९८० मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढे गेला आणि न्यायालयाने सव्वीस हाच आकडा मान्य केला. नंतर १९८७ मध्ये तो कायद्यातच लिहिला गेला.

तेव्हा २६,००० भागिले २६, म्हणजे रोजचे वेतन १,००० रुपये. पंधरा दिवसांचे १५,०००. त्याला २३ ने गुणले की ३,४५,००० रुपये. एवढीच ही विद्या. चौथीतील मुलालाही साधेल.

पण हीच बेरीज कशी चुकते, किंवा चुकविली जाते, ते आता पाहा. समजा कारकुनाने महागाई भत्ता सोडून दिला आणि मूळ पगार १८,२०० तेवढाच धरला. मग सव्वीसऐवजी तीसने भागले. आणि वरचे सात महिने 'अपुरे' म्हणून टाकून दिले. प्रत्येक गोष्ट एकटी पाहिली तर किरकोळ भासते, आणि ऐकणाऱ्याला पटण्यासारखीही वाटते. पंधरा दिवसांचे झाले ९,१०० रुपये; गुणिले २२, उत्तर २,००,२०० रुपये. पाकिटातून १,४४,८०० रुपये नाहीसे झाले आणि कोणी चोरी केली असेही म्हणता येत नाही. दोन लाखांचा धनादेश पाहून तो गृहस्थ मालकाचे आभारच मानील!

श्रोतेहो, पुष्कळदा यात कोणाचा दुष्टपणा नसतो. हिशेब लिहिणाऱ्यालाच नियम ठाऊक नसतो. पण अज्ञान त्याचे असले तरी तोटा आपला होतो.

वेतन म्हणजे काय, हा याच हिशेबातील सर्वांत नाजूक सांधा आहे. मूळ पगार आणि महागाई भत्ता धरावयाचा. घरभाडे, बोनस, कमिशन, जादा कामाचा पगार हे धरावयाचे नाही, असा १९७२ च्या कायद्याचा दंडक होता. त्यातून एक चतुर रीत निघाली. मूळ पगार लहान ठेवावयाचा आणि भत्त्यांची नावे मोठी करावयाची. महिन्याला हाती येणारा पैसा तेवढाच, म्हणून नोकर खूश. पण निघतेवेळी हिशेबाला धरावयाचा आकडा निम्म्याहूनही कमी. नव्या संहितेने या रीतीला लगाम घातला आहे. वगळावयाचे भत्ते एकूण मोबदल्याच्या निम्म्याहून अधिक झाले, तर निम्म्यावरचा भाग वेतनात मिळवावयाचा. एकूण पगार ४०,०००, त्यांतील मूळ व महागाई मिळून १४,००० आणि भत्ते २६,००० असे समजा. चाळीस हजारांचे निम्मे वीस हजार. भत्ते त्याहून सहा हजारांनी जास्त आहेत. ते सहा हजार चौदा हजारांत मिळवून वेतन झाले २०,०००. चौदा हजारांवर एका वर्षाची ग्रॅच्युइटी सुमारे ८,०७७ रुपये होते. वीस हजारांवर ती सुमारे ११,५३८ होते. दर वर्षामागे साडेतीन हजारांचे अंतर पडले. तेव्हा तरुण श्रोत्यांना माझे सांगणे आहे की, नेमणुकीचे पत्र हाती येते तेव्हा केवळ तळाची बेरीज पाहू नका. ती कोणकोणत्या रकान्यांतून झाली आहे तेही वाचा.

आता मुदतीचा प्रश्न. सामान्यतः पाच वर्षांची सलग नोकरी झाल्यावाचून हा हक्क उत्पन्न होत नाही. मात्र मृत्यू किंवा कायमचे अपंगत्व आले तर पाच वर्षांची अट नाही. ठरावीक मुदतीच्या करारावर नेमलेल्या नोकरांसाठी नव्या संहितेने पाचाऐवजी एक वर्ष पुरेसे मानले आहे. पूर्वी अशा माणसांचा करार पाच वर्षांच्या आत संपे आणि त्यांच्या हाती काहीच लागत नसे.

'सलग' या एका शब्दाने आपल्या महाराष्ट्रात मोठा इतिहास घडविला आहे. गिरणगावात आणि सोलापुरात 'बदली' नावाचा कामगार असे. रोज सकाळी गिरणीच्या दारात उभे राहावयाचे. कोणी गैरहजर असेल तर त्याच्या जागी काम मिळावयाचे, नाहीतर परत फिरावयाचे. पटावर नाव वर्षानुवर्षे असे, पण भरलेले दिवस तुटक. सोलापूरच्या लक्ष्मी विष्णू मिलच्या कामगारांचे प्रकरण १९८१ मध्ये सर्वोच्च न्यायालयापर्यंत पोचले. ज्या वर्षी प्रत्यक्षात २४० दिवस काम भरले नाही, त्या वर्षाची ग्रॅच्युइटी नाही, असा निकाल लागला. बदली कामगारांनाच काय, कायम कामगारांनाही त्याचा फटका बसला. पुढे १९८४ मध्ये संसदेने कायदा दुरुस्त केला. आजारपण, रजा, अपघात, टाळेबंदी, नोकराचा दोष नसताना झालेली कामबंदी यांमुळे कायम नोकरी तुटली असे आता समजत नाहीत. विनापरवाना गैरहजेरी असली तरी, ती नोकरीतील खंड मानल्याचा रीतसर हुकूम असल्याखेरीज, वर्ष बुडत नाही. तेव्हा 'तुम्ही अमुक साली तीन महिने आजारी होता, ते वर्ष वजा', असे कोणी म्हणाले तर लगेच मान डोलावू नये.

साखर कारखान्याच्या हंगामी कामगारांचा दर वेगळा आहे. केवळ गळिताच्या हंगामात काम असेल तर दर हंगामाबद्दल सात दिवसांचे वेतन. तुकड्यावर, म्हणजे नगावर काम करणाऱ्याचे वेतन अखेरच्या तीन महिन्यांच्या सरासरीने काढतात. जादा कामाचे पैसे त्यात धरीत नाहीत.

सभेत शिक्षकवर्ग नेहमीच बहुसंख्येने असतो, म्हणून त्यांच्यासाठी दोन शब्द. २००४ साली सर्वोच्च न्यायालयाने असे म्हटले होते की, शिक्षक हा १९७२ च्या कायद्यातील 'कर्मचारी' या व्याख्येत बसत नाही. म्हणजे शाळेचा शिपाई बसतो, लेखनिक बसतो, आणि शिकविणारा तेवढा बाहेर! संसदेने २००९ मध्ये व्याख्या सुधारली आणि ती ३ एप्रिल १९९७ पासून लागू केली. खाजगी शाळांनी तिला आव्हान दिले. २०२२ मध्ये न्यायालयाने दुरुस्ती वैध ठरविली. आता खाजगी शाळेच्या चालकांना 'आमची संस्था सेवाभावी आहे' एवढे सांगून सुटता येणार नाही. सेवा शिक्षकाने केलेली असते. भाव मात्र संस्थेच्या नावावर जमा होतो!

कोकणातील पुष्कळ घरांतील कर्ते पुरुष आखातात नोकरीला आहेत. त्यांच्यासाठी तेथील एका देशाचा नियम सांगतो. संयुक्त अरब अमिरातीच्या २०२१ च्या कायद्याप्रमाणे खाजगी नोकरीतील परदेशी माणसाला एक वर्ष भरल्यावर हा हक्क मिळतो. पहिल्या पाच वर्षांसाठी दर वर्षाला २१ दिवसांचा मूळ पगार, पुढील प्रत्येक वर्षाला ३० दिवसांचा. आणि एकूण रक्कम दोन वर्षांच्या पगाराहून अधिक नाही. तेथेही भत्ते धरीत नाहीत. म्हणून दुबईच्या करारपत्रात 'मूळ पगार' या शब्दांपुढे कोणता आकडा आहे, हे घरच्या मंडळींनीही पाहून ठेवावे.

आपल्याकडे या रकमेला वरची मर्यादा आहे. २९ मार्च २०१८ रोजी ती दहा लाखांवरून वीस लाख रुपयांवर नेण्यात आली. मालकाने आपण होऊन किंवा करारान्वये अधिक द्यावयाचे ठरविले असेल तर त्याला आडकाठी नाही. कमी देण्याचा करार मात्र टिकत नाही. कायद्याने दिलेला हक्क नोकराच्या सहीनेही उणा होत नाही.

ग्रॅच्युइटी जप्त केव्हा होते, हेही समजून घ्यावे. नोकराच्या बुद्धिपुरस्सर कृत्याने किंवा हलगर्जीपणाने मालमत्तेचे नुकसान झाले आणि त्यासाठी त्याला काढले, तर त्या नुकसानाइतकीच रक्कम कापता येते. दंगा, मारहाण किंवा नोकरी करताना केलेला नीतिभ्रष्टतेचा अपराध यांसाठी काढले असेल, तर थोडी किंवा सगळी रोखता येते. पण 'राजीनामा देऊन ऐन हंगामात गेला', 'प्रतिस्पर्ध्याकडे गेला', 'संपात होता', असल्या नाराजीला या यादीत जागा नाही. राजीनामा दिला तरी, पाच वर्षे भरली असतील तर, ग्रॅच्युइटी मिळते.

आता काय करावयाचे ते थोडक्यात सांगतो. नेमणुकीचे पत्र, पगारवाढीची पत्रे आणि निदान अखेरच्या वर्षाच्या पगारपत्रिका जपून ठेवाव्यात. नोकरी सुटल्यावर तीस दिवसांच्या आत अर्ज द्यावा आणि त्याची पोच घ्यावी. उशीर झाला म्हणून हक्क मरत नाही, आणि अर्ज आला नाही म्हणून मालकाची जबाबदारीही टळत नाही. हिशेब करून कळविणे हे त्याचेच कर्तव्य आहे. रक्कम देय झाल्यापासून तीस दिवसांत त्याने ती दिली पाहिजे. पुढे व्याज सुरू होते. रक्कम कमी वाटली तर आधी लेखी विचारावे: वर्षे किती धरली, वेतन किती धरले, भागिले कितीने? एवढ्या तीन प्रश्नांनीच अनेक हिशेब दुरुस्त होतात. न झाले तर कामगार आयुक्तांच्या कार्यालयात चौकशी करावी. या कामासाठी नेमलेल्या अधिकाऱ्याकडे दाद मागता येते. 'सर्व रक्कम भरून पावलो' अशा पावतीवर सही करण्यापूर्वी मात्र एक रात्र जाऊ द्यावी आणि घरी बसून गुणाकार करावा.

भगिनींना एक विशेष विनंती. नोकरीला एक वर्ष झाल्यावर नोकराने या रकमेसाठी वारस नेमून द्यावयाचा असतो. लग्नापूर्वी आईचे नाव लिहिलेले असते आणि पुढे ते बदलावयाचे राहून जाते. आणि मग दुःखाच्या दिवसांत घरातच दोन तट पडतात. ज्या घरात कमावते माणूस आहे, त्या घराने हा कागद एकदा तरी उघडून पाहावा. तो पाहण्यात अशुभ असे काही नाही.

मालकवर्गातील कोणी येथे असतील, तर त्यांचा या सर्वांत तोटा आहे असे कृपया समजू नये. दर वर्षी वेतनाच्या पंधरा दिवसांइतकी तरतूद बाजूला टाकणाऱ्याला शेवटी एकदम ओझे होत नाही. जो ती टाकीत नाही त्याच्या वह्यांतला नफा खोटा असतो. कारण त्यात नोकरांचे देणे मिसळलेले असते. आणि जुना माणूस बाहेर पडताना समाधानाने गेला, तर आत राहिलेल्यांचे हात अधिक मनापासून चालतात.

आपल्या वाडवडिलांनी मालकाच्या दारी हिशेब मागणे हे उद्धटपणाचे मानले. कारण तेथे हक्कच नव्हता, होती ती मर्जी. आता हक्क आहे. पण ज्या हक्काची बेरीज आपणांस करता येत नाही, तो पुन्हा देणाऱ्याच्या मर्जीवरच जाऊन बसतो. म्हणून शाल अवश्य घ्यावी, नारळही आनंदाने घ्यावा. आणि घरी गेल्यावर पगाराला सव्वीसने भागावे, पंधराने गुणावे, वर्षांनी गुणावे, आणि पाकिटातील आकड्याशी ताडून पाहावे. दोन्ही आकडे जुळले तर मालकाला मनापासून धन्यवाद द्यावेत. न जुळले तर नम्रपणे, पण लेखी, विचारावे.